कपाळावरचा आकडा

मालिकेतली सासू सुनेला ठणकावून काहीतरी सांगत होती, सून मान खाली घालून उभी होती, आणि तेवढ्यात सुनेच्या कपाळावर आकडे उमटले. पांढरे, बारीक, एका ओळीत, कुंकवाच्या जरा वर. एक श्वास आत घेऊन सोडावा इतका वेळ ते तिथे राहिले आणि पुसले गेले. सासू बोलतच होती. शेजारच्या आवडाकाकू पाटीत भिजवलेले वाल सोलत बसल्या होत्या. त्यांनी एक साल अंगठ्यानं उडवलं आणि म्हणाल्या, "बगितलंस? काल पन असंच आलं. वरनाच कायतरी बिघाड हाय." माझी लेक प्रांजू मांडीवर होती, तिची टाळू माझ्या हनुवटीखाली, आणि तिथली ती मऊ धडधड तिची की माझी हे मला कळेना. कारण तो आकडा मला पाठ होता. मागच्या वादळात आमच्या गच्चीवरची डिश फिरली तेव्हा मी कंपनीच्या फोनवरच्या मुलीला तो पुन्हापुन्हा वाचून दाखवला होता. नाव विचारलं नव्हतं तिनं. "मॅडम, आपला बॉक्स नंबर?" एवढंच. तिच्या लेखी मी म्हणजे तो आकडा होते. आता तोच आकडा आवडाकाकूंच्या टीव्हीवर, एका परक्या बाईच्या कपाळावर आला होता, आणि आवडाकाकूंकडे कंपनीची डिश नाही. तो कार्यक्रम त्यांच्याकडे येतो तो आमच्या माळ्यावरून.

दारालगतच्या खुर्चीत काकूंच्या भाड्याच्या खोलीतला पाहुणा बसला होता. नागावात पाहुणे येतात ते घोळक्यानं, शनिवारी, अर्ध्या चड्ड्यांत. आल्याआल्या विचारतात, बनाना राइड कुठे मिळेल, सुरमई ताजी आहे का. हा एकटा आला होता, आठवड्याच्या मध्ये, फुल पॅंट आणि इस्त्रीचा शर्ट घालून. त्याच्या चपला उंबऱ्याबाहेर होत्या. मी आत येताना त्या पाहिल्या होत्या. लग्न झाल्यापासून, म्हणजे खरं तर आई झाल्यापासून, मी सगळ्याच चपला पाहते. त्या चपलांना वाळू नव्हती. समुद्र इथून हाकेच्या अंतरावर आहे. आकडे पडद्यावर होते तेवढ्या वेळात त्याचा हात वर झाला आणि फोन खाली गेला. मालिकेचा फोटो कोण काढतं?

"बॉक्स कुठून घेतलात हो काकू? सगळंच लागतं यावर," तो म्हणाला.

"सगलं लागतं. पिच्चर, मॅच, काय पायजे ते. हिच्याच नवऱ्यानं दिलाय बसवून. लय गुनी पोरगा. गो प्रज्ञा, सांग की ह्याना त्याचा नंबर."

"पाठ नाही माझ्या," मी म्हटलं.

काकू हसून हसून पाटीवर वाकल्या. "नवऱ्याचा नंबर पाठ न्हाय! आमी नवऱ्याचं नाव घेयाला लाजायचो, ह्या आता नंबर घेयाला लाजतात बग!"

तोही हसला. चांगलं हसला, दात स्वच्छ होते. "असू दे, ताई. घाई नाही. चित्र मात्र अगदी स्वच्छ येतं," तो म्हणाला, आणि पुन्हा पडद्याकडे बघत बसला. मालिकेत रमल्यासारखा नाही, रांगेत बसलेला माणूस आपला नंबर लागण्याची वाट बघतो तसा.

आमचं घर काकूंच्या सुपारीच्या वाडीपलीकडे. मधून पायवाट आहे. त्या वाटेवरून येताना मी आमच्या घराकडे एखाद्या परक्यासारखं पाहिलं. दर्शनी भिंतीवर पाटी: प्रज्ञा होमस्टे. गच्चीवर ओळीनं डिश, सगळ्यांची तोंडं एकाच बाजूला, खाऱ्या हवेनं कडा गंजलेल्या, आणि गंजाचे ओघळ खाली चुन्यावर. दुसऱ्या कुठल्या गावात एका घरावर एवढ्या डिश दिसल्या असत्या तर कुणीतरी विचारलं असतं. नागावात त्याचा अर्थ एवढाच, की इथे तितक्या खोल्या भाड्यानं मिळतात. कंपनीनंही तोच अर्थ घेतला. खोल्या आमच्याकडे नाहीतच. कधी गाडी थांबली, कुणी काच खाली करून विचारलं, तर मी नाहीतर आई, म्हणजे सासूबाई, दारातून सांगतो, रूम फुल आहेत. दोन पावसाळे आम्ही फुल आहोत. एकदा एक म्हातारी बाई गाडीतून उतरून आत बघत म्हणाली होती, अहो पण इथे तर कुणीच दिसत नाही. मी तेव्हा हसले होते. ते हसू मला आता वाटेत आठवलं आणि तोंडात गंजाची चव आली.

माळ्यावर काय आहे ते मला माहीत आहे. मी काही अडाणी नाही, अलिबागच्या कॉलेजातून बीएस्सी झाले आहे, आणि नवऱ्यानं, संघर्षनं, माझ्यापासून काही लपवलंही नाही. उलट पहिल्यांदा सगळं जोडलं तेव्हा मला हात धरून शिडीवर चढवलं होतं, पोटात प्रांजू असताना, जपून, एकेक पायरी. वर रांगेनं बॉक्स मांडलेले. प्रत्येक बॉक्सवर एकच वाहिनी, ती कधी बदलायची नाही आणि बॉक्स कधी बंद करायचा नाही. बॉक्समधून निघालेली वायर टीव्हीत न जाता एका काळ्या डबीत जाते. डबी चित्र दाबून बारीक करते आणि इंटरनेटवर सोडते. तिथून ते जातं विनेशच्या यंत्रात. विनेश पनवेलचा, धंदा त्याचा, यंत्र कुठल्याशा देशात. आणि तिथून ज्यांनी ज्यांनी विनेशचा छोटा बॉक्स घेतला आहे त्यांच्या घरी: रेवदंडा, चौल, म्हसळा, मुंबई, आखातातसुद्धा. शेजारच्या काकूंच्या घरी पोचायला आमचं चित्र समुद्र ओलांडून जातं आणि परत येतं. त्यामुळे ते उशिरा पोचतं. मॅच असली की आमच्या खालच्या टीव्हीवर विकेट पडून गेलेली असते, खेळाडू मिठ्या मारून वेगळे झालेले असतात, आणि मग सुपारीपलीकडून काकूंच्या घरातला आरडाओरडा येतो. सुरुवातीला मला त्याची गंमत वाटायची. सगळ्या आळीच्या पुढे राहत असल्यासारखं वाटायचं, जे त्यांचं व्हायचंय ते आपलं होऊन गेलंय असं. त्या दुपारी पहिल्यांदा वाटलं, की आपल्याही पुढे कुणीतरी आहे. आपण अजून वाटेवर चालतो आहोत, आणि पुढे काय झालं ते त्याचं पाहून झालं आहे.

आकडा का येतो हेही मला माहीत होतं. संघर्षनंच सांगितलं होतं, हसत. कंपनी मधूनच एकेका बॉक्सचा नंबर त्याच्याच चित्रावर उमटवते. घरी एकटा बघणारा असेल त्याला काही फरक पडत नाही, पण चित्र पळवून वाटलं असेल तर तो नंबरही चित्राबरोबर घरोघरी जातो. चोर शोधायला दारोदार फिरावं लागत नाही. चोरीचा एक बॉक्स विकत घ्यायचा, नाहीतर जिथे असेल तिथे जाऊन राहायचं, आणि पडद्यासमोर बसायचं. "पण विनेशकडे त्याच्यावर औषध आहे," संघर्ष म्हणाला होता. "आकडा आला की त्याचं सॉफ्टवेअर तेवढा भाग पुसून टाकतं." काल पुसला नव्हता. आजही नाही.

आमच्या घरात सगळं बाईच्या नावावर असतं. सासरे, महिपत गुरुजी, म्हसळ्याकडच्या शाळेत मास्तर होते. त्यांच्या वडिलांनी छप्पन्नात दीक्षा घेतली तेव्हा म्हणे घरातल्या बायकांना पुढच्या रांगेत बसवलं होतं, आणि गुरुजींनी ती रांग कधी मोडू दिली नाही. घर आईंच्या नावावर. वीजबिल आईंच्या. गॅस आईंच्या. वायरमन आला की गुरुजी बाजूला होऊन म्हणत, मालकीणबाईंशी बोला. माझ्या लग्नात, बुद्धवंदना झाल्यावर, त्यांनी माइक हातात घेऊन सगळ्यांसमोर सांगितलं, की या घरात आजपासून जे नवीन येईल ते सुनेच्या नावावर येईल. लोकांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या आईनं डोळ्यांना पदर लावला. मलाही त्या दिवशी आपण उंच झालो असं वाटलं होतं, ते खोटं नव्हतं. गुरुजी गेले, पण वळण राहिलं. इंटरनेट माझ्या नावावर आलं. मग पाटी. मग एकेक बॉक्स. शेवटचे बॉक्स घेतले तेव्हा मी बाळंतपणातून पुरती उठलेही नव्हते. खोलीत शेकशेगडीचा, ओव्याचा वास होता, प्रांजू अंगावर पीत होती, एका हातात ती आणि दुसऱ्या हातात फोन, आणि संघर्ष उंबऱ्यात बसून हळू आवाजात म्हणत होता, "आला का ओटीपी? वाच. सावकाश वाच." मी वाचत होते. त्यानं किती मायेनं विचारलं होतं. उशी सारखी केली होती. पाणी आणून ठेवलं होतं. आता मी ती खोली डोळ्यांपुढे आणते तेव्हा ओव्याचा वास येतो, त्याचा आवाज येतो, पण त्याचा चेहरा उजेडाच्या विरुद्ध बाजूला आहे, दिसत नाही.

मी शिडीखाली उभी राहून हाक मारली. संघर्ष वरच होता. आधी पंख्यांचा घोंगाटच आला, मग तो खाली आला, घामेजलेला, हातात वायरचं भेंडोळं. मी सांगितलं. आकडा, पाहुणा, चपला, फोटो. तो शांतपणे ऐकत होता. माणूस आपल्याला माहीत असलेली बातमी दुसऱ्याच्या तोंडून ऐकतो तसं.

"चपलांवरून काय ठरवतेस?"

"आकडा चपलांवर नव्हता."

"विनेशला सांगितलंय मी काल."

काल. म्हणजे त्याला काल कळलं होतं. "मग बंद कर ना," मी म्हटलं. "आत्ता वर जा आणि सगळं काढ."

"आणि काढल्यावर? आता या घटकेला सगळ्यांचा टीव्ही गेला, आणि आपल्या गच्चीवरून मी डिश उतरवतोय. दिसेल की तुझ्या पाहुण्याला."

"मग माझ्या नावावरचं तुझ्या नावावर करून घे. होमस्टे, इंटरनेट, सगळं. आज अर्ज टाक."

त्यानं वायरचं टोक दातात धरलं. तेवढ्यात विनेशचा फोन आला, आणि कदाचित मला उत्तर द्यायला नको म्हणून त्यानं तो स्पीकरवर टाकला. विनेशचा आवाज नेहमी लग्नाच्या मांडवातून बोलल्यासारखा असतो. "भाभी, टेन्शन नका घेऊ. अपुन काय चोर आहे का? कंपनीचंच कनेक्शन, बिल पण भरतो. आणि समज, उद्या कुणी आलंच दारात, तर म्हणून तर सगळं तुमच्या नावावर ठेवलंय ना! दूधपिता बच्चा आहे घरात. लेडीज, त्यात बाळाची आई, कोण हात लावतंय? मीच बोललो होतो संघर्षला तेव्हा. एकदम सेफ."

संघर्ष दातानं वायरचं कव्हर सोलत होता. त्याचे दात थांबले. बाहेर वाडीत कुणीतरी झावळी ओढत नेत होतं, तिचा खरखर आवाज घराच्या एका कोपऱ्यापासून दुसऱ्या कोपऱ्यापर्यंत गेला. विनेश अजून काहीतरी बोलत होता, मग त्याला कळलं असावं, फोन बंद झाला.

"तुला माहीत होतं?"

"तो काहीही बोलतो. माहितेय ना तुला."

"तुला माहीत होतं का, संघर्ष?"

"बाबांच्या वेळेपासून सगळं बाईच्याच नावावर आहे ना आपल्याकडे," तो म्हणाला. माझ्याकडे न बघता. आणि शिडी चढून वर गेला.

मी तिथेच बसले. प्रांजू माझ्या कुशीत शिरून पदर ओढत होती. मी तिला घेतलं. ती प्यायला लागली की आधी एक चिमटा बसतो, मग सगळं अंग सैल होतं, हे रोजचं. त्या दिवशी चिमटा बसला आणि अंग सैल झालं नाही. मी खाली बघत होते. तिची मूठ माझ्या ब्लाउजची कड धरून उघडत होती, मिटत होती. माणसं भिंत बांधताना दगड निवडतात, हा बसेल, हा बसेल. कुणीतरी पनवेलला बसून ही मूठ निवडली होती. आणि कुणीतरी उंबऱ्यात बसून मान हलवली होती. ती रागानं हलवली की लाजून, हे मी कधी विचारणार नाही. ती हलली एवढं पुरे.

कॉलेजातली मृणाल आता अलिबागला वकिली करते. तिला मी फोन केला, गच्चीवर, वाळत घातलेले कपडे काढत, सहज विचारल्यासारखा. म्हटलं, आमच्या ओळखीच्या एक बाई आहेत, असं असं आहे. ती कोर्टाच्या आवारात असावी, मागे चहावाल्याची हाक येत होती. "बाई म्हणून सोडतात असं काही नाही गं. जामीन मिळतो लवकर, मिळायला हवा. पण मिळेपर्यंत काय सांगावं? लहान मूल आहे का?" "आहे. अंगावर पितं." "मग ते तिच्याबरोबरच जाईल," मृणाल म्हणाली. साध्या आवाजात, जसं आपण म्हणतो, मग पिशवी बरोबर घे. "पितं मूल आईपासून तोडत नाहीत. आत ठेवतात दोघांना. घरी सांभाळणारं कुणी असेल आणि मूल वरचं खात असेल, तर गोष्ट वेगळी." मग ती थांबली. "कुणासाठी विचारतेस, प्रज्ञा?" मी म्हटलं, आवाज येत नाहीये तुझा. हातातल्या झबल्याला उन्हाचा वास होता. डिशांच्या सावल्या गच्चीवर लांब पडल्या होत्या, गोल नाही, बुबुळांसारख्या चपट्या. मी त्यांच्यावर पाय न देता खाली उतरले.

त्यानंतर पाहुणा गेला नाही. काकूंनी कौतुकानं सांगितलं, अजून राहतोय, जेवण लय आवडलंय त्याला, बिरडं मागून घेतो. सकाळी मी केळीच्या बुंध्याशी राख टाकायला गेले तर तो दगडी गडग्यापलीकडे ब्रश करत उभा होता. त्यानं चूळ भरली, रुमालानं तोंड पुसलं, आणि मला नाव घेऊन नमस्कार केला. ताई नाही म्हणाला. पूर्ण नाव, माझं, नवऱ्याचं, आडनाव, बिलावर छापलेलं असतं तसं, त्याच क्रमानं. काकू मला कधी आडनावानं हाक मारत नाहीत. "बाळ कसं आहे?" त्यानं विचारलं. आवाजात काही नव्हतं, म्हणूनच मला तो अजून ऐकू येतो. मी म्हटलं, बरी आहे. "लहान आहे फार," तो म्हणाला, आणि क्षणभर असं वाटलं की त्यालाही ते अवघड जातंय. मग तो आत गेला. काकूंचा टीव्ही लागल्याचा आवाज आला.

मी घरात आले ती सरळ मागच्या दारी गेले. विहिरीच्या कट्ट्याला आईंनी कोरफड लावली आहे, भाजलं-पोळलं तर असू द्यावी म्हणून. एक जाड पात विळीनं कापली. पिवळट, कडू चीक बोटांवरून मनगटापर्यंत ओघळला. तो मी धुतला नाही. न्हाणीत जाऊन, कडी लावून, छातीला चोळला, दोन्हीकडे, नीट. थंड लागला. मग ओढ बसायला लागली, कातडीला, आतून. आमच्यात असंच दूध तोडतात. शेजारच्या बायका सल्ले देतात, हसतात, बाळाला मांडीवर घेऊन बसतात, एक लहानसा समारंभच असतो. आणि मूल वर्षाचं तरी झालेलं असतं.

प्रांजू रांगत आली. तिला भूक लागली होती, ती नेहमीसारखं खिदळत माझ्या मांडीवर चढली. तिनं तोंड लावलं. क्षणभर काही झालं नाही. मग तिचा चेहरा आवळला, जीभ बाहेर आली, आणि तिनं वर माझ्याकडे पाहिलं. रडली नाही. माझ्या तोंडाकडे बघत राहिली, बहुतेक मी आता हसेन, हे खोटं होतं म्हणून सांगेन, म्हणून. मी हसले नाही. तिनं दुसरी बाजू शोधली. तिथेही तेच. तेव्हा ती रडायला लागली, आणि ते रडणं भुकेचं नव्हतं. भुकेचं मी ओळखते.

आई स्वयंपाकघरातून धावत आल्या. "काय झालं पोरीला?" मग त्यांना वास आला. "आगं ए! एवढ्यात तोडतंस व्हय? वरीस तं होऊ दे!"

"दात आलेत तिला. चावते," मी म्हटलं.

"चावू दे की. तुझा नवरा अडीच वर्साचा होता, शाळेच्या पायरीवर बसून प्यायचा. गुरुजी लाजंनं आत पळायचे." त्या हसत होत्या. हसता हसता त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. मी रडत नव्हते, म्हणून असेल. वर माळ्यावर पंखे घोंगावत होते. त्यांनी मान वर केली, शिडीकडे पाहिलं, शिडीच्या तोंडाशी आलेल्या संघर्षच्या पायांकडे पाहिलं. तो अर्ध्यात थांबला होता, रडण्याचा आवाज ऐकून.

"काय झालं?" त्यानं विचारलं.

"वरचं खायला शिकवतेय तिला," मी म्हटलं. "मी नसताना आईंजवळ राहायला हवी."

त्याचे पाय पायरीवर तसेच राहिले. तो खाली आला नाही, वरही गेला नाही. आईंचा हात कमरेवरून खाली पडला. त्यांनी काही विचारलं नाही. आयुष्यभर सगळं त्यांच्या नावावर होतं, कदाचित त्यामुळे असेल. त्या वळल्या, चुलीवरची पेज वाटीत काढली, त्यात मिठाचा खडा टाकून बोटानं घोटली, फुंकर घातली, आणि माझ्या मांडीवरून प्रांजूला उचलून घेऊन भिंतीशी बसल्या.

पहिला घास तिनं थुंकला. माझ्याकडे हात पसरले, सगळं अंग धनुष्यासारखं ताणलं. माझं दूध उतरत होतं, कोरफडीखालून, ब्लाउज ओला होत होता, मी दोन्ही हात मांडीखाली दाबून बसले होते. दुसरा घास अर्धा गेला, अर्धा हनुवटीवर आला. आईंनी तो बोटानं निपटून परत भरवला, काहीतरी गुणगुणत. हुंदका मध्येच राहिला. तिनं गिळलं, आणि माझ्याकडे पाहिलं. अजून एक घास. पुन्हा माझ्याकडे पाहिलं. मग आईंनी वाटी जरा जवळ धरली, आणि ती वाटीकडे बघून तोंड उघडायला लागली.

पुढच्या घासाला तिनं माझ्याकडे पाहिलं नाही.